रानातले वस्ताद

पहाटे पाचच्या सुमाराला रंकाळ्यावर गेलं, की निम्मं कोल्हापूर उठून चालायला लागलंय असं वाटतं. कानटोप्या, मफलर, पांढरे बूट. हात झाडत, मोठमोठ्यानं बोलत घोळकेच्या घोळके निघालेले असतात. उसाला दर काय मिळणार, कालच्या सामन्यात पेनल्टी कशी हुकली, कुणाच्या मुलीचं कुठं जमलं, हे सगळं चालता चालता निकाली निघतं. मग कुणी घराकडं वळतं, कुणी गंगावेशीत दूध कट्ट्यावर जाऊन म्हशीच्या धारेखालचा फेसाळ पेला तोंडाला लावतं. इकडं दहा पावलांवर केंदाळात जांभळी पाणकोंबडी आपली लांबलचक बोटं टाकत चाललेली असते, टिबुकली बुडी मारून भलतीकडंच वर येते. बघायला कुणी थांबत नाही. चुकून कुणी थांबलंच, तर मागचा विचारतो, "काय झालं? पाय दुखायला लागला काय?"

चालताना थांबला म्हणजे दमला, असा आपल्या गावचा हिशेब. तालमींचं गाव आहे हे. शंभर जोर म्हटलं की शंभर, तळ्याला दोन फेऱ्या म्हटलं की दोन. मोजून अंग कमवायची सवय पिढ्यानपिढ्यांची. शाहू महाराज १९०२ साली विलायतेला गेले, त्या प्रवासात त्यांनी रोमचं कोलोसियम पाहिलं, आणि १९१२ साली आपलं खासबागेचं मैदान उभं राहिलं. कुठंही बसा, हौद्यातली कुस्ती दिसते. गंगावेस, मोतीबाग, शाहूपुरी या तालमींत आजही तांबडी माती ताक, तेल, हळद, लिंबू घालून मळली जाते. पण तालमीत तासभर नुसतं बसून बघितलं तर एक गोष्ट ध्यानात येते. पोरं आपापली घुमत असतात आणि वस्ताद कडेला उभा असतो. तो फारसा बोलत नाही. एखाद्या पोराचा पाय चुकीचा पडला, की तो लढत तिथल्या तिथं थांबवतो, वाकतो, पोराचा घोटा हातात धरून दोन बोटं बाजूला सरकवतो. "आता ओढ." एवढंच. सगळी विद्या त्या थांबवण्यात असते.

रानात चालताना असा थांबवणारा माणूस आपल्याला का मिळू नये, हा विचार माझ्या डोक्यात बरेच दिवस घोळतो आहे. आणि त्याला जोडून एक लांबचं गाव आठवत राहतं.

१९५२ साल कोल्हापूरकरांना हेलसिंकीमुळं तोंडपाठ आहे. गोळेश्वरचे खाशाबा जाधव आपल्या राजाराम कॉलेजचे विद्यार्थी. ऑलिंपिकला जायला पैसे कमी पडले, तेव्हा प्राचार्य खर्डीकरांनी राहतं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. मातीत वाढलेल्या खाशाबांनी २३ जुलैला परक्या गादीवर कांस्यपदक घेतलं, आणि परत आल्यावर कुस्त्यांची मैदानं भरवून ते घर सोडवलं. इथपर्यंत शाळकरी पोरगंही सांगेल. त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत हेलसिंकीच्या पश्चिमेला, नॉर्वेच्या ओस्लो शहरात हिवाळी ऑलिंपिक झालं होतं, ते मात्र आपल्या गावी नाही. बर्फावरून घसरायचा खेळ, आपलं त्याच्याशी काय देणंघेणं! पण ओस्लोची गंमत बर्फात नाही, बर्फ वितळल्यावर आहे.

ओस्लोच्या डोक्यावर होल्मेनकोलेनची टेकडी आहे. तिथं १८९२ पासून स्कीवरून उड्या मारायच्या स्पर्धा होतात. आपल्याला खासबाग, तशी त्यांना ही टेकडी. स्कीचं संग्रहालयही तिथंच आहे, १९२३ सालचं, जगातलं सगळ्यात जुनं. आणि या उडीच्या उतरणीच्या पाठीमागं लगेच नोर्डमार्काचं रान सुरू होतं. शहरातली मेट्रो माणसांना थेट रानाच्या तोंडाशी नेऊन सोडते. हिवाळ्यात लोक डब्यात स्की घेऊन चढतात, उन्हाळ्यात पाठीवर पिशवी घेऊन. बर्फातल्या वाटांना तांबडी खूण, पायवाटांना निळी. गावाचा खेळ आणि गावाचं रान अशी दोन खाती त्यांनी कधी पाडलीच नाहीत. ज्या पायांनी घसरायचं, त्याच पायांनी भाद्रपदात पक्षी आणि अळंबी हुडकत हिंडायचं. रानभटकंतीची त्यांची राष्ट्रीय संस्था १८६८ सालची, आणि तिच्यातर्फे वाट दाखवायला जाणारे बहुतेक लोक हौसेनं ते काम करतात.

१९५७ साली त्यांनी कायदाच केला की लागवडीखाली नसलेल्या जमिनीतून, मग ती कुणाच्याही मालकीची असो, माणसाला चालत जाता येईल. उभ्या पिकात मात्र पाय घालायचा नाही. २००९ साली ओस्लोभोवतीच्या रानाची हद्द कायद्यानं आखून तिच्या आत बांधकामाला आळा घातला. हे वाचलं की मला आपल्या पाणंदी आठवतात. पाणंद कुणाच्या बापाची नसते, गावाची असते. पण दर हंगामाला दोन्हीकडून एकेक सरी पुढं सरकते, आणि बैलगाडी जायची तिथं आता माणूस तिरका होऊन जातो. कोल्हापूरच्या भोवताली चालायच्या जुन्या वाटा कमी नव्हत्या. उसानं बऱ्याच गिळल्या.

आपल्याकडं खेळ तालमीत गेला आणि रान शिकारीला गेलं. दाजीपूरचं जंगल करवीरच्या छत्रपतींचं शिकारीचं राखीव रान होतं. पाळीव चित्ते सोडून काळविटांची शिकार करण्यात तर कोल्हापूरचं नाव साऱ्या हिंदुस्थानात. इथले चित्ते संपत आले तेव्हा आफ्रिकेतून आणले गेले. त्या चित्त्यांना वाढवणारे, गाडीवरून माळावर नेणारे, डोळ्यांवरची पट्टी नेमकी कधी काढायची ते जाणणारे चित्तेवान पगारी माणसं होती. शाहू महाराजांनी तर फासेपारध्यांनाही संस्थानात नोकऱ्या दिल्या. ज्यांना सरकार दरबारी गुन्हेगार म्हणून लिहिलं जायचं, गावकामगाराकडं रोज हजेरी द्यावी लागायची, अशा जातीजमातींची ती हजेरी त्यांनी १९१८ साली बंद केली. माणुसकीचा भाग त्यात मोठा होताच. पण महाराज स्वतः रानात मुरलेले होते. पाऊलखूण वाचणारा माणूस किती मोलाचा, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती.

पुढं शिकार बंद झाली. १९५८ साली दाजीपूरला गव्यांचं अभयारण्य झालं, महाराष्ट्रातलं सगळ्यात जुनं. नंतर त्याचा विस्तार होऊन ते राधानगरी अभयारण्य म्हणून साडेतीनशे चौरस किलोमीटरांवर पसरलं, आणि २०१२ साली पश्चिम घाटाच्या जागतिक वारशात त्याचं नाव लागलं. हे सगळं उत्तम झालं. एकच तुटलं. रान वाचणारी माणसं दरबारातून उठली, ती पुन्हा कुणी मानानं बोलावून बसवली नाहीत.

मसाईच्या पठारावर भाद्रपदात गेलात तर मी काय म्हणतो ते कळेल. पन्हाळ्याच्या पश्चिमेला म्हाळुंगे ओलांडलं, की तो लांबलचक सडा लागतो. वर जांभा, त्यावर बोटभर माती, आणि पाऊस उघडीप देतो तेव्हा त्या बोटभर मातीवर सोनकी, तेरडा, कवला, सीतेची आसवं असं काय काय उमललेलं असतं. धुकं इतकं, की चार माणसांपलीकडचं पाचवं दिसत नाही. आमच्याबरोबर खालच्या वाडीतला एक गुराखी होता, साठीच्या पुढचा, डोक्यावर घोंगड्याची खोळ. वनस्पतिशास्त्र शिकणारा एक तरुणही होता, त्याला नावं ठाऊक. आम्ही आपले रंकाळ्याच्या चालीनं सुटलो होतो. तेवढ्यात म्हातारा म्हणाला, "हितं पाय टाकू नगा."

"का मामा? साप आहे?"

"न्हाई. ती जेवतीया."

वाकून बघितलं तर करंगळीएवढं तांबूस रोप. पानाच्या कडेला बारीक केस, प्रत्येक केसाच्या टोकाला एकेक थेंब. दव म्हणावं तर बाकीच्या गवतावरचं दव वाऱ्यानं केव्हाच झडलं होतं. एका पानावर चिलट चिकटलेलं. त्याचा एक पाय अजून हलत होता, आणि आजूबाजूचे दोन-तीन केस त्याच्याकडं कललेले. कलताना दिसत नव्हते. मात्र नजर काढून थोड्या वेळानं पुन्हा बघितलं, की आणखी एक कललेला असायचा. तरुणानं सांगितलं, दवबिंदू. या कातळावरच्या मातीत नत्र जवळजवळ नसतंच, जे असतं ते पाऊस धुऊन नेतो. म्हणून हे रोप आपलं नत्र हवेतून उडणाऱ्या चिलटांकडून वसूल करतं. केसांचा चिकट रस किड्याला धरतो, पान त्याच्याभोवती वळतं, आणि पचवता येईल तेवढं पचवून घेतं. शेजारची सीतेची आसवंही त्यातलीच. वरून निळंजांभळं नाजूक फूल, आणि खाली ओल्या मातीत बारीक फुगे, ज्यांच्यात सूक्ष्म जीव ओढले जातात.

आणि गंमत बघा. ओस्लोच्या त्या नोर्डमार्कातल्या दलदलीतही दवबिंदूचा भाऊबंद उगवतो. पान गोल, बाकी चाल तीच. तिथं बर्फ आणि कुजट शेवाळ, इथं तापलेला जांभा आणि चार महिन्यांचा पाऊस. दारिद्र्य मात्र दोन्हीकडच्या मातीला सारखंच, म्हणून दोन्हीकडं एकाच घराण्यातलं रोप किडे धरून पोट भरतं. तिथलाही कुणी जाणकार एखाद्या रविवारी लोकांना असंच गुडघ्यावर बसवत असणार.

हेच पठार आषाढात वेगळं असतं. १६६० सालच्या आषाढात सिद्दी जौहरचा वेढा फोडून शिवाजी महाराज पन्हाळ्यावरून विशाळगडाकडं निघाले ते याच बाजूनं, आणि त्या रात्रीची आठवण म्हणून दरवर्षी हजारो माणसं पन्हाळा ते पावनखिंड चालतात. भगवे झेंडे, घोषणा, चिखलात गुडघ्याएवढे पाय. त्या चालण्याला तोड नाही. तिथं थांबायचंच नसतं, पाठीवर शत्रू आहे असं मानून घोडखिंड गाठायची असते. माझी तक्रार एवढीच, की आपण बाराही महिने पाठीवर शत्रू असल्यासारखे चालतो. भाद्रपदात पठारावर आलेल्या एका कंपूला मी विचारलं, काय काय पाहिलं? "अठरा किलोमीटर," असं उत्तर आलं, घड्याळ माझ्यापुढं धरून. त्यांच्या बुटांना सोनकी चिकटलेली होती.

शिवाजी विद्यापीठात प्रा. श्रीरंग यादव आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी कंदीलपुष्पांच्या दुर्मीळ जाती हुडकायला आणि रुजवून जगवायला उभी हयात घातली. घाटाच्या एखाद्याच कड्यावर सापडणारी झाडं विद्यापीठाच्या वनस्पती उद्यानात वाढवली. जगभरचे अभ्यासक ते काम जाणतात. त्याच विद्यापीठाच्या आवारात रोज पहाटे आपण शेकड्यांनी फिरायला जातो. उद्यानाच्या बाजूनं जाताना आत काय आहे हे विचारणारा विरळा.

न बघण्याची किंमत कधी कधी फार मोजावी लागते. २०२१ च्या डिसेंबरात गवे उसातून वाट काढत पार कोल्हापूरच्या वेशीपर्यंत आले. गाव लोटलं बघायला. मोबाइल वर, शिट्ट्या, पोरं अंगावर धावून जातायत. शहराजवळच्या शिवारात एका तरुणाचा जीव गेला. जिल्ह्यात १९५८ पासून गव्यांचं अभयारण्य आहे, एस.टी. थांब्यापासून गॅस एजन्सीपर्यंत पाट्यांवर गव्याचं चित्र आहे, आणि गव्यासमोर उभं कसं राहायचं हे गावाला ठाऊक नाही.

दाजीपूरच्या वाटाड्यांना ते ठाऊक असतं. थंडीत सावराईच्या सड्याकडं जाताना एकानं आम्हाला हातानंच अडवलं होतं. पुढं काहीच दिसत नव्हतं, नुसती अंजनी आणि कारवी. त्यानं चिमूटभर माती उडवून वारं बघितलं आणि आम्हाला वाटेच्या दुसऱ्या अंगाला घेतलं. गव्याला नजरेपेक्षा नाकानं आधी कळतं, म्हणून वारं आपल्या तोंडावर हवं. मग कारवी हलली. आधी पांढरे मोजे घातल्यासारखे पाय दिसले, मग तो काळा डोंगर. मादी होती, मागं तांबूस वासरू. वाटाड्या कानाशी बोलला, "दोघांच्या मदी कुणी जायचं न्हाई. तिची वाट तिला द्यायची. ती फुस्करली तर पळायचं न्हाई, झाडामागं व्हायचं." ती फुस्करली नाही. आमच्याकडं बघत राहिली, वासरू पलीकडं गेल्यावर तीही गेली. हे शिक्षण शहरातल्या हजार माणसांना मिळालं असतं, तर त्या डिसेंबरात निम्मी गर्दी आपली आपणच मागं सरली असती.

राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्निल कुसाळेनं २०२४ साली पॅरिसला नेमबाजीत कांस्य आणलं. खाशाबांनंतर बहात्तर वर्षांनी महाराष्ट्राच्या माणसाला वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्याच तालुक्यातली कितीतरी पोरं आता वाटाड्याचं काम करतात. अंधारातल्या गव्याचं शिंग ओळखणारी नजर त्यांचीही आहे. तिला पदक नसतं, ठीक आहे, पण पोट भरेल एवढं मोल तरी हवं. शनिवार-रविवारी चार गाड्या लागल्या तर लागल्या, पावसाळ्यात अभयारण्य बंद, की पोरगं पुण्याला नाहीतर गोव्याला कामाला. मेअखेरीस काजवे बघायला तेवढी झुंबड उडते. गाड्यांचे दिवे लावून काजवे बघणारे महाभाग मी पाहिले आहेत, त्यांच्याविषयी बोलण्यात सकाळ घालवत नाही.

तालमीतल्या वस्तादाला संस्थानाच्या काळात खुराक होता, मान होता. आजही पैलवान मैदान मारून आला की आधी वस्तादाच्या पाया पडतो. कोल्हापुरात तालीम म्हणजे नुसता आखाडा नव्हे, तिचा फुटबॉल संघ असतो, गणपती असतो, वर्गणी असते. त्या वर्गणीतून वर्षाकाठी चार सकाळी रानासाठी काढायला काय हरकत आहे? पन्नास पोरं, एक गाडी, आणि पुढं एक जाणकार. तो कुठून आणायचा, हा प्रश्न खरा, पण फार लांब जायला नको.

नॉर्वेत शरदातल्या रविवारी रानाच्या तोंडाशी अळंबीचे जाणकार टेबल मांडून बसतात. लोक टोपलीभर अळंबी खुडून आणतात, आणि ते एकेक उलटून बघतात. ही खा, ही टाक, हिनं मरशील. ते टेबल आपल्याकडंही आहे. श्रावणात कपिलतीर्थ मंडईत पन्हाळ्याच्या, राधानगरीच्या बाजूच्या बायका पाटी घेऊन बसतात. भारंगी, टाकळा, कुर्डू, पाथरी, एखाद्या दिवशी अळंबी. भारंगीचं कोवळं पान घ्यायचं, उकळून पाणी काढून टाकायचं, नाहीतर कडू लागते, हे त्या सांगतात. अळंबी वारुळावरची की कुजक्या लाकडावरची, तेही न विचारता सांगतात. एका मावशींना म्हटलं, "तालमीची पोरं घेऊन येतो तुमच्या डोंगरावर. दाखवाल का त्यांना हे सगळं?"

"दावतो की. न दावायला काय झालं?" त्या म्हणाल्या. मग पाटीवरचं ओलं फडकं सारखं करत त्यांनी विचारलं, "पर त्या दिवशी माझी पाटी कोण इकणार?"

पाटी केवढ्याची होते ते मी विचारून घेतलं आहे. तालमीच्या पोरांनी आधी तेवढी वर्गणी काढायची, गाडीचं मग बघू.